अद्भुतकथेपासून ऐतिहासिक कादंबरीकडे : ग्रंथनामांची साक्ष

१

फ्रेंच ऐतिहासिक कादंबरीचा उदय सामान्यतः १८२६ ते १८३१ या अल्पशा कालखंडात मानला जातो आणि त्याचे श्रेय सर वॉल्टर स्कॉट याच्या कादंबऱ्यांच्या फ्रेंच भाषांतरांना देण्यात येते. मराठीतील मांडणीही थोड्याफार फरकाने अशीच आहे. लक्ष्मणशास्त्री हळबे यांची 'मुक्तामाला' (१८६१) आणि नारो सदाशिव रिसबूड यांची 'मंजुघोषा' (१८६८) या अद्भुतरम्य कथांचा बहर ओसरू लागला, इंग्रजी कादंबरीचा परिचय वाढला आणि रामचंद्र भिकाजी गुंजीकर यांच्या 'मोचनगड' (१८७१) या कृतीने मराठीत ऐतिहासिक कादंबरीचा पाया घातला, असे सांगितले जाते. या दोन्ही मांडण्यांत एक गृहीत समान आहे : इतिहास आला आणि अद्भुत गेले.

हे गृहीत तपासून पाहणे अगत्याचे आहे. गढीत कोंडलेली सुंदरी, वेषांतर, गुप्त वाट, ओळख पटविणारी खूण, ऐन वेळी धावून येणारा वीर, स्वामिनिष्ठा आणि प्रीती यांच्यातील ओढाताण ही सारी सामग्री मध्ययुगीन वीरकथेची होय. हीच सामग्री फ्रेंच ऐतिहासिक कादंबरीत आहे. 'मुक्तामाले'च्या वर्गातील कथांत आहे आणि हरिभाऊ आपट्यांच्या ऐतिहासिक कादंबऱ्यांतही आहे. कथानकाचा सांगाडा जर बदलला नाही, तर बदलले काय? प्रस्तुत लेखात असे सुचवावयाचे आहे की, बदलले ते विशेषनामाचे कार्य. अद्भुतकथेतील नाव काहीच सिद्ध करीत नाही. ते केवळ कानाला गोड लागते. ऐतिहासिक कादंबरीतील नाव मात्र कथेबाहेरच्या एका जागेकडे, व्यक्तीकडे अथवा वर्षाकडे बोट दाखविते आणि त्यायोगे वाचकाकडून विश्वास मागते. हा विश्वास मागण्याचा अधिकार लेखकाने कसा मिळविला, हाच ऐतिहासिक कादंबरीच्या परीक्षणातील मुख्य प्रश्न होय.

२

प्रथम या वाङ्मयप्रकारांच्या नावांकडेच पाहावे. फ्रेंच भाषेत कादंबरीला 'रोमां' म्हणतात. हा शब्द मुळात एका भाषेचे नाव होता. लॅटिन ही पंडितांची भाषा आणि 'रोमां' ही लोकांची बोली. लॅटिनमधील कथा 'रोमां'त आणणे म्हणजे ती प्राकृतात उतरविणे. पुढे बोलीचे नाव बोलीतील कथेला लागले. बाराव्या शतकाच्या उत्तरार्धात क्रेतिआं द त्र्वा या कवीने आर्थर राजाच्या दरबारातील वीरांच्या कथा रचल्या, तेव्हा त्या बोलीत होत्या हेच त्यांचे पहिले लक्षण होते.

मराठीत याच्या उलट घडले. आरंभी 'नावल' हा इंग्रजीतून आलेला शब्द रूढ होता. काशीनाथ बाळकृष्ण मराठे यांनी १८७२ मध्ये लिहिलेल्या प्रसिद्ध निबंधाच्या मथळ्यातही तोच आहे. पुढे 'कादंबरी' हे नाव स्थिर झाले. सातव्या शतकातील बाणभट्टाच्या एका गद्यकाव्याचे आणि त्याच्या नायिकेचे हे विशेषनाम. ते मराठीत व कानडीत सामान्यनाम झाले. अर्थात फ्रेंचमध्ये लोकभाषेच्या नावावरून वाङ्मयप्रकार ओळखला गेला, तर मराठीत संस्कृत नायिकेच्या नावावरून. आरंभीच्या मराठी कादंबरीची भाषा समासप्रचुर का, आणि तिच्या मुखपृष्ठावर एखाद्या सुंदरीचेच नाव का, याचे अर्धे उत्तर या नामकरणात आहे.

दुसरा शब्द वीराचा. फ्रेंच 'शव्हालिए' या शब्दाच्या मुळाशी लॅटिन 'काबाल्लुस' आहे, आणि त्याचा मूळ अर्थ ओझ्याचे हलके घोडे असा होता. घोड्यावर बसणारा तो 'शव्हालिए'. पण काही शतकांत तो कुलीन, व्रतस्थ वीर बनला. मराठी 'राऊत' शब्दाचा प्रवास नेमका उलट दिशेने झाला. संस्कृत 'राजपुत्र', प्राकृत 'राउत्त', मराठी 'राऊत' : राजाचा पुत्र होता तो घोडेस्वार झाला आणि अखेर एक आडनाव होऊन राहिला. एका भाषेत स्वाराला कुलीनत्व चढले. दुसरीत कुलीनत्व उतरून स्वार उरला. शब्दांच्या प्रवासावरून समाजाचा इतिहास सिद्ध होत नाही, हे खरे. तथापि दोन्ही भाषांतील ऐतिहासिक कादंबऱ्यांचे नायक कोणत्या थरातून आले हे पाहताना हा भेद ध्यानात ठेवणे उपयोगी पडते.

३

फ्रेंच परंपरेतील ग्रंथनामे क्रमाने मांडली की संक्रमणाची रेषा स्पष्ट दिसते. सोळाव्या शतकात स्पेनमधून आलेला 'आमादिस' हे वीराचे नाव. त्याचे राज्य नकाशावर शोधण्याची कोणाला गरज वाटत नसे. सतराव्या शतकात मादलेन द स्क्युदेरी हिने 'आर्तामेन अथवा थोर सायरस' (१६४९–५३) ही दहा खंडांची कथा लिहिली. सायरस हा ऐतिहासिक पुरुष. परंतु कथेतील संभाषणे, शिष्टाचार आणि प्रणयाचे नियम पॅरिसमधील समकालीन दिवाणखान्यातले आहेत. नाव इराणचे, माणसे पॅरिसची. येथे ऐतिहासिक नाव हा पोशाख आहे.

मादाम द लाफायेत हिच्या 'क्लेव्हची राजकुमारी' (१६७८) या लहानशा कादंबरीने निराळे पाऊल टाकले. दुसऱ्या हेन्रीचा दरबार खरा, भोवतालची बहुतेक माणसे खरी, नायिका मात्र कल्पित. खऱ्या नावांच्या वर्तुळात एक कल्पित जीव ठेवून त्याची घालमेल दाखवावयाची, ही युक्ती पुढे ऐतिहासिक कादंबरीचा मूलमंत्र ठरली. स्कॉटच्या आधी सुमारे दीड शतक ती फ्रेंच भाषेत सिद्ध झालेली होती. म्हणून स्कॉटने फ्रेंचांना ऐतिहासिक कादंबरी दिली, हे विधान अर्धसत्यच मानावे लागते.

स्कॉटने जे दिले ते म्हणजे स्थळाचे वजन. त्याच्या 'क्वेंटिन डरवर्ड' (१८२३) या अकराव्या लुईच्या फ्रान्सवरील कादंबरीचे परीक्षण करताना तरुण व्हिक्टर ह्यूगोने स्कॉटचे कौतुक तर केलेच, पण त्यापलीकडे महाकाव्याच्या उंचीची कादंबरी अजून लिहावयाची राहिली आहे, असेही सुचविले. त्यानंतर आल्फ्रेद द व्हिनीची 'सँ-मार' (१८२६) आली. रिशल्यूविरुद्ध कट करून १६४२ मध्ये वधस्तंभावर गेलेल्या एका उमरावाची ही कथा. व्हिनी स्वतः उमराव कुळातला. रिशल्यूने सरदारवर्ग खच्ची केला आणि त्यामुळेच पुढे राजसत्ता निराधार झाली, हा त्याचा सिद्धान्त. वीरधर्माचे पालन करणारा वर्ग १७८९ नंतर उरला नव्हता. त्याचे श्राद्ध कादंबरीने घातले. १८२७ मध्ये लिहिलेल्या प्रस्तावनेत व्हिनीने घटनेतील तथ्य आणि कलेतील सत्य यांत भेद केला व दुसऱ्यासाठी पहिल्याला मुरड घालण्याचा लेखकाचा हक्क सांगितला. प्रॉस्पेर मेरिमे याने १८२९ मध्ये 'नवव्या चार्ल्सच्या कारकिर्दीची बखर' लिहिली आणि मध्येच एक प्रकरण वाचक व लेखक यांच्या संवादाला दिले. वाचक राजदरबाराचे वर्णन मागतो. लेखक ते नाकारतो. व्हिनीने हक्क सांगितला, मेरिमेने त्या हक्काची थट्टा केली. दोघांनाही एवढे कळले होते की, खरे नाव वापरणे म्हणजे काही देणे पत्करणे होय.

१८३१ मध्ये ह्यूगोने ग्रंथाला माणसाचे नाव दिलेच नाही. एका इमारतीचे दिले. 'नोत्र-दाम द पारी' ही १४८२ सालच्या पॅरिसची कथा. तीत बंदिनी आहे, तिला सोडविणारा आहे, आश्रयाची उंच जागा आहे. वीरकथेचे एकही अंग गळालेले नाही. मात्र चकचकीत पोशाखाचा कप्तान फेब्यूस हा अश्वारूढ वीर पोकळ निघतो आणि निष्ठेचे व्रत बहिऱ्या, कुबड्या घंटानायकाच्या वाट्याला येते. वीरधर्म कुळातून निघून दगडी मनोऱ्याच्या आश्रयाला आला. आणि तो मनोरा खरा होता. कादंबरीने लोकांचे लक्ष त्या जीर्ण मंदिराकडे वेधले आणि १८४०–५० या दशकात त्याचा मोठा जीर्णोद्धार सुरू झाला. कथेतील नावाने कथेबाहेरच्या दगडांना वाचविले, याहून विशेषनामाच्या सामर्थ्याचा मोठा दाखला नाही.

अलेक्झांडर द्यूमाच्या 'तीन बंदूकधारी' (१८४४) या लोकप्रिय कादंबरीने वर्तुळ पुरे केले. तिचा नायक दार्तान्यां पहिल्याच प्रकरणात डॉन किहोतेची आठवण करून देत वाचकापुढे येतो. सर्व्हांतेसने ज्या वीरकथेची १६०५ मध्ये टर उडविली, तीच १६२५ ही तारीख लावून परत आली होती.

४

आता मराठीकडे वळावे. व्हिनीची 'सँ-मार' आणि ग्रँट डफचा मराठ्यांचा इतिहास ही दोन्ही पुस्तके १८२६ सालची. एका बाजूस फ्रेंच सरदारवर्ग आपल्या गतवैभवाची कथा स्वतः लिहीत होता. दुसऱ्या बाजूस ज्यांचे राज्य १८१८ मध्ये गेले त्यांचा इतिहास जेत्यांच्या भाषेत लिहिला जात होता. मराठी कादंबरीचा जन्म या पोकळीत झाला.

रिसबुडांनी 'मंजुघोषे'च्या प्रस्तावनेत मांडलेले गाऱ्हाणे प्रसिद्ध आहे. हिंदूंच्या रोजच्या जीवनात, विशेषतः विवाहाच्या रूढीमुळे, मन वेधणारे असे काही घडतच नाही. तेव्हा मनोरंजन करावयाचे तर अद्भुताचाच आश्रय करावा लागतो, असा त्याचा आशय आहे. या उद्गाराला पुष्कळदा पलायनवाद म्हटले गेले. वस्तुतः ते एका रचनात्मक अडचणीचे प्रामाणिक निदान आहे. ज्या समाजात वधूवरांची निवड वडीलधारे करतात, तेथे प्रणयकथेला कथानक मिळावयाचे कोठून? मुक्तामाला, रत्नप्रभा, मंजुघोषा ही नायिकांची नावे आणि त्यांची राज्ये कोठेच नाहीत. कोठेच नाहीत म्हणूनच तेथे प्रीतीला मोकळीक आहे.

रिसबुडांच्या अडचणीतून बाहेर पडण्यास दोन वाटा होत्या. एक बाबा पदमनजींच्या 'यमुनापर्यटन' (१८५७) या कृतीने आधीच दाखविली होती : रोजच्या जीवनातील दुःख, विशेषतः विधवांचे दुःख, हाच विषय करणे. दुसरी गुंजीकरांनी शोधली : ज्या काळात आपल्याच लोकांच्या आयुष्यात काही घडत होते त्या काळाकडे जाणे. शिवकालात साहस कल्पावे लागत नाही. ते त्या काळाच्या स्वभावातच आहे. 'मोचनगडा'तील प्रधान पात्रे इतिहासप्रसिद्ध नाहीत आणि संकटे, सुटका, योगायोग यांची योजना पूर्वीच्या कथांना परकी नाही. तरीही ग्रंथनामात नायिकेच्या जागी गड आला, हा बदल लहान नव्हे. 'मंजुघोषा' हा सामासिक शब्द संस्कृत काव्याच्या परंपरेत राहतो; 'गड' हा शब्द मराठी माणसाच्या डोळ्यांपुढच्या डोंगरावर असतो. गडाबरोबर किल्लेदार, हवालदार, सबनीस, शिबंदी ही शब्दसृष्टीही आली. अद्भुतकथेत एका पातळीवर वाहणारी गद्यभाषा ऐतिहासिक कादंबरीत दुभंगली : निवेदनाची एक, पात्रांच्या चाकरीची दुसरी. मराठी गद्याला आलेला हा पोत ऐतिहासिक कादंबरीची खरी मिळकत होय.

ह्यूगोच्या मंदिराआधी नावे माणसांची होती, गुंजीकरांच्या गडाआधी सुंदरींची. एकाने दुसऱ्याचे अनुकरण केले असे सुचवावयाचे नाही. तसा संबंध मानण्याचे कारणही नाही. अद्भुताला भूमीवर उतरावयाचे तर त्याला आधी एक उंच, दगडी, नाव असलेली जागा लागते, एवढेच या साम्यावरून दिसते.

५

हरिभाऊ आपट्यांच्या हाती हा प्रकार प्रौढ झाला. 'करमणूक' पत्रात १८९५ ते १८९७ या काळात आलेल्या 'उषःकाल'चे नाव कोणा व्यक्तीचे नाही, स्थळाचेही नाही. ते काळाचे आहे. विजापूरच्या चाकरीला इमान वाहिलेला पिता आणि शिवाजी महाराजांच्या उद्योगाकडे ओढला जाणारा पुत्र यांच्या संघर्षात हरिभाऊंनी वीरकथेच्या मर्मावरच बोट ठेवले. स्वामिनिष्ठा हे व्रत आहे, पण स्वामी कोण? मध्ययुगीन फ्रेंच वीरकथेत हा प्रश्न राजा आणि प्रिया यांच्यात पडतो. 'उषःकाला'त तो दोन राजकीय निष्ठांत पडतो आणि म्हणून तो खऱ्या अर्थाने ऐतिहासिक आहे. इतिहास येथे पोशाख राहिला नाही. तो पात्रांच्या अंतःकरणात शिरला.

'गड आला पण सिंह गेला' (१९०३) या कादंबरीविषयी मात्र इतके निःशंकपणे बोलता येत नाही. १६७० मधील कोंढाण्याचा प्रसंग स्वतःच इतका तेजस्वी आहे की, त्याला जोड देण्याची गरज नव्हती. तरीही हरिभाऊंनी गडावर उदयभानूच्या कैदेत कमलकुमारी ठेवली. सती जावयास निघालेली, बळाने आणलेली ही रजपूत स्त्री म्हणजे वीरकथेतील बंदिनीच होय. तिच्यामुळे उदयभानू हा मोगलांचा किल्लेदार न राहता कथेतील राक्षस होतो, आणि तानाजीचे कृत्य राजकारणातून निघून उद्धारकार्यात जमा होते. वाचकाचा संताप वाढतो. प्रसंगाचा अर्थ मात्र उणावतो. कमलकुमारी 'मंजुघोषे'च्या जगात शोभली असती. सिंहगडावर तिची उपस्थिती खऱ्या नावाच्या पतीवर काढलेले कर्ज आहे.

ग्रंथाच्या नावाचीच कथा अधिक उद्बोधक आहे. सतराव्या शतकाच्या अखेरीस, राजाराम महाराजांच्या कारकिर्दीत लिहिलेल्या सभासदाच्या बखरीत या प्रसंगी महाराजांच्या तोंडी जो उद्गार आहे, त्यात सिंह नाही. एक गड मिळाला आणि एक गड हरपला, असा त्याचा भाव आहे. तेथे तानाजी हाच गड. माणूस आणि किल्ला यांचे हे समीकरण लष्करी जमाखर्चाच्या भाषेतले, कोरडे आणि म्हणूनच हृदयस्पर्शी आहे. सिंहाची प्रतिमा अलंकाराची आहे; ती लोककंठात बसली आणि गडाचे नाव या प्रसंगावरून पडले अशी समजूत तिने दृढ केली. वस्तुतः सिंहगड हे नाव १६७० पूर्वीच्या पत्रव्यवहारातही आढळते. कादंबरीने प्रचलित आख्यायिकेला आपले शीर्षक केले आणि त्या शीर्षकाने आख्यायिकेला इतिहासाचे स्थान दिले. नोत्र-दामच्या बाबतीत कादंबरीने खऱ्या वास्तूला बळ दिले. येथे खऱ्या वास्तूने आख्यायिकेला बळ दिले. दोन्ही व्यवहार विशेषनामाच्याच पेढीवर झाले, पण जमेची बाजू निराळी.

हरिभाऊंना दोष देताना काळाचा क्रम मात्र विसरता कामा नये. फ्रान्समध्ये दप्तरांचे शास्त्र शिकविणारी संस्था १८२१ मध्येच निघाली होती. तेथे कागद आणि कादंबरी बरोबरीने वाढली. मराठीत 'काव्येतिहाससंग्रह' १८७८ मध्ये, राजवाड्यांच्या 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड १८९८ मध्ये आणि भारत इतिहास संशोधक मंडळ १९१० मध्ये. 'मोचनगड' आणि 'उषःकाल' या दोन्ही कृती साधनांच्या पुढे धावल्या. साधनांच्या अभावी अद्भुताने ती जागा भरली यात नवल नाही.

६

साधने उपलब्ध झाल्यावर काय घडले, हे रणजित देसाई यांच्या 'स्वामी' (१९६२) या कादंबरीच्या नावावरून दिसते. 'स्वामी' हे व्यक्तीचे, स्थळाचे वा काळाचे नाव नाही. ते संबोधन आहे. पेशवाईतील पत्रांत सेवकाने धन्यास लिहिताना जो शब्द शेकडो वेळा आला, आणि पत्नीच्या तोंडी ज्याला दुसरा, कोमल अर्थ आहे, तो शब्द शीर्षस्थानी आला. नायिकेचे नाव, मग गडाचे, मग काळाचे आणि अखेर दप्तरातील संबोधनाचे, असा हा शंभर वर्षांचा प्रवास आहे. सर्वच ग्रंथनामे या रेषेत बसत नाहीत. हरिभाऊंचीच 'रूपनगरची राजकन्या' सरळ अद्भुतकथेच्या दारी जाते. तरी रेषेची दिशा संशयातीत आहे.

मात्र साधने आली म्हणून वीरकथा गेली, असेही झाले नाही. 'स्वामी'तील माधवराव अकाली मावळणारा निष्कलंक वीर आहे आणि रमाबाई त्याच्या मागे चितेवर चढणारी आदर्श पत्नी. भाषेला दप्तराचा गंध आहे; घडण मात्र वीरकथेची आहे. या कादंबरीचा बराच भूगोल नाशिकच्या आसमंतात पडतो. माधवरावांनी ज्या लढाईत राघोबादादांना नमविले ते धोडप (१७६८) याच जिल्ह्यात आहे. राघोबांच्या वास्तव्याची आनंदवल्ली आणि गोपिकाबाईंच्या विरक्त दिवसांचे गंगापूर ही दोन्ही गोदाकाठची. चुलता-पुतण्याच्या वैराची ही भूमी पाहिली की, कादंबरीने करुण केलेल्या कलहाची दुसरी, हिशेबी बाजू ध्यानात येते : कर्ज, जहागिरी, फौजेचा खर्च. आदर्श नायकाच्या प्रभेत ती बाजू फिकी पडते.

नाशिकजवळचाच रामशेज या सर्व विवेचनाला एक इशारा देतो. १६८२ पासून पाचएक वर्षे हा लहानसा किल्ला मोगलांना दाद देत नव्हता. खाफीखानाच्या ग्रंथात या वेढ्याच्या वर्णनात किल्ल्यावरील लाकडी तोफा येतात आणि सोन्याच्या सापाच्या बळावर किल्ला घेऊ पाहणारा, पण धोंडा लागून कोसळणारा मांत्रिकही येतो. हे कादंबरीकाराने रचलेले नाही. शत्रुपक्षाच्या इतिहासकाराने लिहिलेले आहे. अर्थात अद्भुत आणि इतिहास यांची सरहद्द कादंबरी व कागद यांच्यामधून जात नाही. ती पुष्कळदा कागदाच्या आतूनच जाते. म्हणून ऐतिहासिक कादंबरीला अद्भुताचा सर्वस्वी त्याग करण्यास सांगणे हे अनैतिहासिकच होय. तिला विचारावयाचे ते इतकेच : हे अद्भुत त्या काळाच्या माणसांचे आहे, की लेखकाने वाचकासाठी बाहेरून आणलेले? रामशेजचा मांत्रिक पहिल्या प्रकारचा. सिंहगडावरील कमलकुमारी दुसऱ्या प्रकारची.

२०२५ मध्ये मराठ्यांच्या बारा गडांना जागतिक वारशाच्या यादीत स्थान मिळाले. त्यांत नाशिक जिल्ह्यातील साल्हेर आहे. दगडांच्या रक्षणाचे नियम आता ठरलेले आहेत : कोणता चिरा मूळचा व कोणता नवा, हे दिसले पाहिजे. गडांच्या नावांवर ज्यांनी कथा रचल्या व पुढेही रचतील, त्यांच्याकडे मराठी समीक्षेने याहून अधिक मागू नये आणि याहून कमीही मागू नये.